पेरणीचे दिवस आणि कोर्टाची तारीख

जळगाव जिल्ह्यातल्या पहूरच्या माणसाचं कोर्टाचं काम निघालं की जामनेर गाठावं लागतं. रस्ता पंधराएक किलोमीटरचाच. पण सकाळी लवकर निघायचं, पुकारा होईपर्यंत व्हरांड्यात थांबायचं, बोर्डावर आपलं काम खाली असेल तर दुपार जाते आणि साहेब आधीच्या साक्षीत गुंतले तर संध्याकाळही. खटला सेशनचा असेल तर जळगाव. दोन्हीकडे दिवस मोडतोच. ज्याला तो दिवस मोडणं परवडणारं नसतं, तो वकिलाकरवी एक पानाचा अर्ज देतो.

वर 'मे. दिवाणी न्यायाधीश, कनिष्ठ स्तर, जामनेर यांचे कोर्टात'. खाली दाव्याचा नंबर, वादी, प्रतिवादी. मधोमध 'मुदत मिळणेबाबत अर्ज'. मग 'अर्जदार नम्र विनंती करतो की' अशी सुरुवात, एक-दोन ओळींत कारण, आणि शेवटी 'पुढील तारीख मिळावी'. वर कोर्ट फी स्टँप. समोरच्या वकिलाचा 'से' घेतला जातो. तो 'हरकत आहे' असं लिहितो किंवा मोठ्या मनाने 'हरकत नाही' म्हणतो. मग कोर्टाचा हुकूम होतो: मंजूर, नामंजूर किंवा खर्चासह मंजूर. रोजनाम्यात नोंद पडते आणि वकील नवी तारीख गावी कळवतो.

माझं लक्ष आहे ते कारणाच्या त्या एक-दोन ओळींवर. अर्जांत काय असतं? आजारपण, घरात लग्न, भाऊबंदांत मयत, कागदपत्रं मिळायला वेळ. जून महिन्यात पहूर पेठेतल्या किंवा कसब्यातल्या शेतकऱ्याचं खरं कारण बहुतेक वेळा यातलं कोणतंच नसतं. वाघूरकाठच्या काळ्या रानात वाफसा आलेला असतो, सरकी लावायची असते, मजूर आज मिळाले तर मिळाले. चार दिवस चुकले की ओल उडते आणि अख्खा हंगाम मागे पडतो. पण हे कारण अर्जात लिहायला वकील बिचकतो. 'प्रकृती अस्वास्थ्यामुळे' असं लिहिणं सोपं, कारण त्याला डॉक्टरचा दाखला जोडता येतो. पेरणीचा दाखला कोण देणार?

'त्या दिवशी मला जमणार नाही' असं न्यायासनाला सांगण्याची जी कारणं एखाद्या काळात चालतात, त्यांतून त्या काळात कोणाच्या कामाला मोल होतं हे नेमकं कळतं. ही कारणांची यादी फार जुनी आहे. आणि पेरणी त्या यादीत एके काळी नावानिशी होती.

'धर्मकोशा'चं व्यवहारकांड वाईच्या प्राज्ञपाठशाळेतून 1937 पासून छापून निघू लागलं. संपादक तर्कतीर्थ लक्ष्मणशास्त्री जोशी, म्हणजे खानदेशातलेच. 1901 साली धुळे जिल्ह्यातल्या पिंपळनेरला जन्मलेले. स्मृतिग्रंथांतली न्यायदानाची सगळी वचनं विषयवार एकत्र लावण्याचं हे काम किती मोठं आहे, हे तो ग्रंथ उघडल्यावरच उमगतं. कोणाला बोलवावं, कसं बोलवावं, तो आला नाही तर काय करावं, हेही त्या ग्रंथात येतं. नारदस्मृतीने या प्रश्नाचा सविस्तर विचार केला आहे. वादीने प्रतिवादीला अडवून धरण्याचा आणि राजाने त्याला बोलावण्याचा जो अधिकार, त्याला नारदाने अपवाद घातले. लग्नाच्या बेतात असलेला, आजारी, यज्ञाला निघालेला, संकटात सापडलेला, राजाच्या कामावर असलेला, अज्ञान मूल, निरोप घेऊन चाललेला दूत, व्रतस्थ. आणि याच ओळीत, त्यांच्या इतक्याच मानाने, गुरं चारायला गेलेला गुराखी, पेरणीच्या दिवसांतला शेतकरी, हातात काम असलेला कारागीर, लढाईवरचा शिपाई. यांना अडवू नये आणि राजानेही बोलावू नये, असं ते वचन सांगतं.

मला यात सर्वांत मोलाची वाटते ती मांडणी. शेतकऱ्याला इथे दया दाखवलेली नाही. राजाचं काम जसं अडवायचं नाही तशीच पेरणीही अडवायची नाही, कारण दोन्ही कामं ठरलेल्या वेळीच व्हावी लागतात.

बाराव्या शतकाच्या सुमाराला विज्ञानेश्वराने याज्ञवल्क्यस्मृतीवर 'मिताक्षरा' लिहिली. तो चालुक्यांच्या कल्याणीचा. आजचं बसवकल्याण, बिदर जिल्ह्यात, मराठी मुलखाच्या शिवेवर. मिताक्षरेत ही यादी आणखी वाढते: म्हातारे, कामात गढलेले, उत्सवात गुंतलेले. पण सवलत आंधळी नाही. प्रकरण गंभीर असेल तर देश, काळ आणि कामाचं कमीजास्त वजन पाहून आजाऱ्यालाही बोलवावं; मात्र वाहनातून, हळूहळू आणावं. खुद्द याज्ञवल्क्य सांगतो की दांडगाई, चोरी, शिवीगाळ-मारहाण, गाय, स्त्री अशा प्रकरणांत उत्तर तिथल्या तिथे द्यावं लागेल. बाकीच्या वादांत सवडीने वेळ देता येईल. म्हणजे कोणत्या कामात मुदत द्यायची आणि कोणत्या कामात नाही, हा विवेक आठशे-हजार वर्षांपूर्वी नीट बांधून झालेला होता. महामहोपाध्याय पां. वा. काणे यांनी 'धर्मशास्त्राचा इतिहास' लिहिताना न्यायदानाच्या या सगळ्या पद्धतीचा तपशिलाने परामर्श घेतला आहे. तिथे वाचताना सारखं जाणवतं की हे नियम करणाऱ्यांना शेतीचं वेळापत्रक ठाऊक होतं. (त्या समाजात जातीच्या उतरंडीने न्याय कसा वाकवला होता, हे मी विसरत नाही. स्मृतींचं गुणगान हा माझा हेतू नाही. एका नियमाची वाट मी शोधतो आहे.)

हा विचार फक्त आपल्याकडेच होता असंही नाही. रोमन सम्राट मार्कस ऑरेलियसने असा नियम केला होता की सुगीच्या आणि द्राक्षतोडणीच्या दिवसांत कोणी प्रतिपक्षाला खटल्यासाठी खेचू नये, कारण शेतात गुंतलेल्या माणसांना न्यायसभेत ओढून आणणं बरोबर नाही. सहाव्या शतकात जस्टिनियनच्या आज्ञेने रोमन कायद्याचा जो संग्रह झाला, त्यात हा नियम जपला गेला. रोम आणि नारद यांची गाठ पडलेली नव्हती. दोन्हीकडे लोक शेतावर जगत होते, एवढं कारण पुरेसं होतं.

इंग्लंडमधली वाट निराळी. तिथे मध्ययुगात कोर्टात न येण्याची ठरावीक निमित्तं होती: वाटेत आजारी पडलो, अंथरुणाला खिळलो, समुद्रापलीकडे आहे, राजाच्या चाकरीवर आहे. अंथरुणाला खिळल्याची सबब सांगितली तर खरंखोटं पाहायला चार सरदार घरी पाठवत. डॉक्टरच्या दाखल्याचे पूर्वज म्हणायचे ते हेच. ज्यूरीवर बसणाऱ्यांची गोष्ट 1285 च्या एका कायद्यात येते: सत्तरीपुढचे म्हातारे, कायमचे आजारी, बोलावणं आलं तेव्हा अंथरुणावर असलेले आणि त्या परगण्यात न राहणारे यांना ज्यूरीत घालू नये. शेतकऱ्याचा उल्लेख इथे नाही.

खानदेशात इंग्रज 1818 साली आले. त्याआधी इथे न्याय गावातच होई. गोतसभा चावडीत किंवा देवळात भरे. पाटील, कुळकर्णी, शेटे, महाजन, बलुतेदार, शेजारगावचे वतनदार बसत. निवाडा झाला की महजर लिहिला जाई आणि त्यावर प्रत्येकाची निशाणी पडे. पाटलाची निशाणी नांगर. असा महजर पाहताना माझी नजर आधी त्या नांगरावर जाते: न्यायाच्या कागदावर शेतीच्या अवजाराची सही. वादी-प्रतिवादी दोघांकडून 'पंच सांगतील ते मान्य' असा राजीनामा घेत, वेळेवर येण्यासाठी हाजीर जामीन घेत, आणि जिंकणाऱ्याला जयपत्र मिळे, त्याबद्दल तो सरकारात हरकी भरे. पंचांना पगार नव्हता. ते आपलं काम सोडून येत, आणि येणं जमलं नाही तर सभा पुढे जाई.

माउंटस्टुअर्ट एल्फिन्स्टनने 1819 साली पेशव्यांकडून जिंकलेल्या मुलखाचा जो अहवाल लिहिला, त्यात पंचायतीचं कौतुक आहे आणि तिच्या उणिवाही आहेत: संथपणा, पंचांना आणि साक्षीदारांना आणण्याची पुरेशी सत्ता नसणं, निकालाची अंमलबजावणी ढिली. त्याने नव्या कलेक्टरांना शक्यतो पंचायत चालू ठेवायला सांगितलं. खानदेशात हे काम कॅप्टन जॉन ब्रिग्जकडे आलं आणि त्याने मुक्काम धुळ्याला केला. पण संथपणा ही उणीव एकदा कागदावर आली की तिच्यावर उपाय निघतो, आणि पुढल्या काळात निघालेला उपाय होता सक्ती. समन्स, दंड, जप्ती.

मुंबई शहरात याच सुमाराला उलट ओढ होती. 1826 च्या कायद्याने हिंदी लोकांना मुंबईच्या सुप्रीम कोर्टात ज्यूरीवर बसता येऊ लागलं, पण ख्रिस्ती आरोपीचा खटला असेल तर त्यांना बाहेर ठेवलं जाई आणि ग्रँड ज्यूरी त्यांना बंद होती. मुंबईच्या हिंदू, पारशी, मुसलमान पुढाऱ्यांनी अर्ज करून हा भेद काढायला सांगितलं, आणि 1832 साली तो निघाला. तेव्हा ज्यूरीवर बसणं हा मान होता. लोक तो मिळवण्यासाठी अर्ज करत होते.

जिल्ह्यांत हा मान पोचला तो ओझं होऊन. 1861 पासूनचे फौजदारी कार्यपद्धतीचे कायदे आणि त्यातला शेवटचा मोठा, 1898 चा, यांनी सेशन कोर्टाच्या खटल्यांसाठी दोन व्यवस्था केल्या: सरकारने जाहीर केलेल्या मोजक्या जिल्ह्यांत ज्यूरी, आणि इतरत्र न्यायाधीशाला मत देणारे असेसर. असेसरांचं मत मानायला न्यायाधीश बांधलेला नव्हता. हजर राहण्याची सक्ती मात्र दोघांना सारखीच. 319 वं कलम सांगे की 21 ते 60 वयाचा प्रत्येक पुरुष आपल्या जिल्ह्यात ज्यूरर किंवा असेसर होण्यास पात्र आहे. सेशन जज्ज आणि कलेक्टर मिळून यादी करत. यादीत नाव, राहण्याचं ठिकाण, धंदा. माणूस युरोपियन किंवा अमेरिकन असेल तर तेही लिहायचं. यादी लोकांना दिसेल अशी लावायची, हरकती ऐकायच्या. मग भर कोर्टात चिठ्ठ्या टाकून नावं काढायची आणि शक्यतो सहा महिन्यांत येऊन गेलेल्यांना पुन्हा बोलवायचं नाही.

आता 320 वं कलम पाहू, म्हणजे कोणाला या कामातून माफी होती ते. जिल्हा मॅजिस्ट्रेटच्या वरचे मुलकी अधिकारी. पगारी न्यायाधीश. महसूल आणि कस्टम्सचे कमिशनर, कलेक्टर. वसुलीवरची माणसं, कलेक्टरने ठरवली तर. आपापल्या धर्माचं पौरोहित्य करणारे. लष्करातले. डॉक्टर. वकील. पोस्ट आणि तारखात्याचे नोकर. पुढे 329 व्या कलमात सरकारी किंवा रेल्वेच्या नोकराची सोय होती: त्याच्या साहेबाने लिहून दिलं की हा गेला तर लोकांची गैरसोय होईल, तर कोर्ट त्याला सोडू शके.

राजकार्य आहे. धर्मकार्य आहे. शिपाई आहे. नारदाच्या यादीतली इतकी नावं इथे ओळखू येतात. गुराखी नाही, कारागीर नाही, शेतकरी नाही.

ही गळती कशी झाली ते ध्यानात घेण्याजोगं आहे. इंग्रजी अमलात मिताक्षरा फेकून दिली गेली नव्हती. उलट वारसा, वाटणी, दत्तक या प्रश्नांत मुंबई इलाख्यातली कोर्टं मिताक्षरेचा आधार घेऊन निकाल देत होती. पहूरसारख्या गावातल्या जमिनीच्या वाटण्याही त्याच आधारावर झाल्या. पण धर्मशास्त्राला जागा दिली ती घरातल्या प्रश्नांपुरती. माणसाला कोर्टात कधी आणि कसं बोलवायचं, हा कार्यपद्धतीचा भाग इंग्लंडहून आला. एकाच ग्रंथातली वाटणी ठेवली, पेरणी सोडली.

तरी कायद्याला शेती दिसत नव्हती असं म्हणता येत नाही. 1908 च्या दिवाणी कार्यपद्धतीत 60 व्या कलमाने शेतकऱ्याची अवजारं, शेतीला लागणारी गुरं आणि बियाणं यांना जप्तीपासून वाचवलं. 61 वं कलम तर पुढचं पीक हाती येईपर्यंत शेती आणि घर चालावं म्हणून उत्पन्नाचा काही हिस्सा सोडण्याची मुभा देतं. बैल वाचवला, बी वाचवलं. ते बी जमिनीत टाकायचा दिवस वाचवायचं राहून गेलं.

1898 च्या कायद्यात ज्यूरर-असेसरासाठी खरी फट होती ती 330 व्या कलमात: वाजवी कारण असेल तर सेशन कोर्ट एखाद्याला त्या सत्रापुरतं सोडू शके. हिचंच आजच्या 'तारीख पुढे द्या' या विनंतीशी सख्खं नातं. नाव यादीतून जात नसे. या खेपेला माफी, पुढच्या चिठ्ठीत पुन्हा नंबर. पण वाजवी कारण कोणतं हे जज्जाने ठरवायचं. न कळवता गैरहजर राहिलं तर 332 व्या कलमाने शंभर रुपयांपर्यंत दंड, तो वसूल व्हायचा जंगम मालाच्या जप्ती-विक्रीतून, आणि तरीही मिळाला नाही तर पंधरा दिवस दिवाणी तुरुंग. त्या काळातले शंभर रुपये शेतकऱ्याच्या घरात एकरकमी असण्याची शक्यताच कमी. पूर्व आणि पश्चिम असे खानदेशाचे दोन जिल्हे झाले ते 1906 साली. तोवर जिल्ह्याचं ठाणं धुळे. अजिंठ्याच्या पायथ्याजवळच्या गावाहून धुळ्याला जाऊन, खटला संपेपर्यंत तिथे राहून, जज्जाने ऐकलं तर ऐकलं असं मत द्यायचं, यासाठी घर सोडून जाणं म्हणजे काय, याचा अंदाज कोणालाही करता येईल.

रेल्वे आल्यावर हे सोपं झालं, आणि त्याबरोबर सक्तीची दोरीही लांबली. दिवाणी कामातल्या साक्षीदाराला 1908 च्या नियमाप्रमाणे कोर्टाच्या हद्दीबाहेर पन्नास मैलांच्या आतच बोलावता येई. वाटेचा बहुतेक भाग रेल्वेचा किंवा ठरलेल्या वाहनाचा असेल तर दोनशे मैलांपर्यंत. पाचोरा–जामनेर नॅरोगेज पहूरवरून जाऊ लागली. लोकांनी तिला 'पीजे' म्हटलं आणि 2020 पर्यंत ती धावत राहिली. बाजाराला, शाळेला, दवाखान्याला तिने जन्मभर साथ दिली. समन्सलाही दिली.

दिवाणी कोर्टात न येण्याची किंमत तर आणखी जबर होती. 1875 च्या दख्खनच्या दंग्यांनंतर जी चौकशी झाली, तिच्यात सावकारांच्या दाव्यांतले हुकूमनामे किती मोठ्या प्रमाणावर एकतर्फी होत होते हे पुढे आलं. शेतकरी कोर्टात जातच नसे. अंतर, खर्च, भीती, अज्ञान, आणि जायचा दिवस बहुधा कामाचा. जोतीराव फुल्यांनी 1883 मध्ये 'शेतकऱ्याचा असूड' लिहिला तेव्हा कोर्टकचेरीत शेतकरी कसा भरडला जातो हे त्यांच्या संतापाचं एक मोठं कारण होतं. 1879 च्या दख्खन शेतकरी कायद्याने पुणे, सातारा, सोलापूर, नगर या चार जिल्ह्यांत प्रतिवादी शेतकऱ्याला प्रत्यक्ष बोलावून त्याची जबानी घेण्याचा आग्रह धरला. हेतू चांगला होता. खानदेश त्या पहिल्या चारांत नव्हता.

ज्यूरीच्या यादीत कोण आहे आणि कोण नाही, याने काय फरक पडतो ते महाराष्ट्राने टिळकांच्या खटल्यांत पाहिलं. 1897 साली सहा विरुद्ध तीन, 1908 साली सात विरुद्ध दोन मतांनी दोषी. 1908 ची ज्यूरी खास यादीतून निवडलेली होती: सात युरोपियन, दोन पारशी. 'केसरी'तले लेख मराठी, ज्यूरीपुढे त्यांचे इंग्रजी तर्जुमे. 22 जुलैच्या रात्री न्यायमूर्ती दावर यांनी सहा वर्षं काळ्या पाण्याची शिक्षा सुनावली. ज्यांच्या भाषेत ते लेख लिहिले होते, त्यांच्यापैकी कोणी त्या बाकावर नव्हतं. ज्यूरी म्हणजे आपल्या बरोबरीच्यांनी केलेला न्याय, असं सांगितलं जातं. बरोबरीचे कोण, ते यादी करणारा ठरवतो.

स्वातंत्र्यानंतर ही व्यवस्था भराभर आटली. 1955 च्या दुरुस्तीने असेसर गेले. 1958 साली मो. चि. सेटलवाड यांच्या अध्यक्षतेखालच्या विधी आयोगाने चौदाव्या अहवालात ज्यूरी बंद करण्याची शिफारस केली. 1959 च्या नानावटी खटल्यात मुंबईच्या ज्यूरीने आरोपीला आठ विरुद्ध एक मतांनी निर्दोष ठरवलं, सेशन जज्जांनी ते न मानता प्रकरण उच्च न्यायालयाकडे पाठवलं आणि तिथे शिक्षा झाली. सर्वोच्च न्यायालयाने ती 1961 मध्ये कायम केली. त्या एका खटल्याने ज्यूरी गेली असं सांगितलं जातं, पण बंद करण्याचा कौल आधीच आलेला होता, आणि बंगालमध्ये ज्यूरी त्यानंतरही चालू राहिली. 1973 ची नवी फौजदारी कार्यपद्धती 1974 च्या एप्रिलपासून लागू झाली तेव्हा तिच्यात ज्यूरीचं प्रकरणच नव्हतं. पारशी विवाहाच्या दाव्यांत न्यायाधीशाबरोबर बसणारे पाच प्रतिनिधी, एवढाच तिचा अंश आपल्याकडे उरला.

ज्यूरर गेला. पण सामान्य माणसाला कोर्टात बोलावणं चालूच राहिलं. साक्षीदार म्हणून, पंच म्हणून, पक्षकार म्हणून. आणि सक्तीचा आकडाही तोच राहिला. 1973 च्या कायद्यात समन्स मिळूनही न आलेल्या साक्षीदाराला ताबडतोब शंभर रुपयांपर्यंत दंड करण्याची तरतूद होती, जेवढा 1898 मध्ये ज्यूररला होता तेवढाच. 1 जुलै 2024 पासून भारतीय नागरिक सुरक्षा संहिता आली, तिच्यात तो पाचशे झाला. पंचनाम्यावर सही करायला पहूरमधला कोणी दुकानदार किंवा शेतकरी सहज तयार का होत नाही, याचं उत्तर यात आहे. सही केली की पुढे कधीतरी जामनेरचं किंवा जळगावचं समन्स येणार, आणि ते कोणत्या महिन्यात येईल हे त्याच्या हातात नसणार.

तहकुबीवर लगाम घालायचे प्रयत्न झाले आणि ते आवश्यकच होते. मुदती मागून मागून समोरच्याला थकवणारे पक्षकार आणि वकील खरोखर असतात. त्यांच्यामुळे वर्षानुवर्षं कामं पडून राहतात, आणि त्यात सर्वांत आधी थकतो तो गरीबच. 2002 पासून दिवाणी दाव्याच्या सुनावणीत एका पक्षकाराला तीनपेक्षा जास्त तहकुब्या देऊ नयेत असा नियम आला. सर्वोच्च न्यायालयाने 2005 मध्ये सेलम वकील संघाच्या प्रकरणात सांगितलं की पक्षकाराच्या हाताबाहेरची अगदी टोकाची अडचण असेल तर हा आकडा आड येणार नाही. नव्या संहितेच्या 346 व्या कलमाने फौजदारी कामात, परिस्थिती पक्षकाराच्या आवाक्याबाहेरची असेल तेव्हाही दोनच तहकुब्या ठेवल्या. वकील दुसऱ्या कोर्टात आहे ही सबब दोन्हीकडे चालत नाही. हे सगळं मला पटतं.

पण जिथे संख्या दोनवर येते, तिथे त्या दोन कशासाठी खर्च व्हाव्यात याला फार महत्त्व येतं. पेरणीसाठी एक, वेचणीसाठी एक, आणि मग घरात खरंच मयत झाली तर?

आपली माणसं आज अमेरिकेत, इंग्लंडमध्ये आहेत. नागरिकत्व घेतलेल्या मराठी घरांत ज्यूरी ड्यूटीचं पत्र येतं तेव्हा त्याबरोबर तारीख पुढे ढकलण्याचा मार्गही लिहून आलेला असतो. अमेरिकेतली बरीच कोर्टं पहिल्या खेपेला फारसं न विचारता तारीख बदलून देतात आणि सोयीची तारीख त्या माणसालाच सांगायला लावतात. इंग्लंडमध्ये 1988 च्या कायद्याने माफीच्या जोडीला 'लांबणीवर टाकणे' असा वेगळा रस्ता काढला: एकदाच, बारा महिन्यांच्या आत, आणि नव्या तारखेला यायचंच. 2004 पासून तिथे डॉक्टर, वकील, पाद्री, न्यायाधीश यांच्या जुन्या माफ्याही गेल्या. म्हणजे 1898 च्या आपल्या यादीची जी मूळ इंग्रजी कल्पना, तीच त्यांनी मोडीत काढली. धंद्यावरून कोणी सुटत नाही. प्रत्येकाला आपला दिवस मात्र मागता येतो.

आपल्याकडे उणीव आहे ती इथे. तारीख देताना कोर्टासमोर बोर्ड असतो, सुट्ट्यांची यादी असते, वकिलाच्या डायरीतला मोकळा दिवस असतो. पक्षकाराचा मोकळा दिवस विचारण्याची रीत नाही. जिल्हा कोर्टांची उन्हाळी सुट्टी मे महिन्यात असते, जेव्हा कोरडवाहू रान नांगरून-वखरून पावसाची वाट बघत पडलेलं असतं आणि शेतकऱ्याला दोन दिवस काढता येतात. कोर्ट उघडतं ते जूनमध्ये, मृगाच्या तोंडावर. ही सुट्टी उष्म्याचा विचार करून घातलेली आहे, आणि जळगावच्या उन्हात ती गैर आहे असं मी म्हणणार नाही. पण खानदेशातल्या तालुका कोर्टांत जमिनीचे, बांधाचे, वाटणीचे, रस्त्याचे दावे इतके असताना जून-जुलैच्या पहिल्या पंधरवड्यांत आणि कापूस वेचणीच्या ऐन दिवसांत साक्षीपुराव्याच्या तारखा न लावता युक्तिवादाच्या लावल्या, तर काम कुठेही अडत नाही. युक्तिवादाला वकील लागतो. शेतकऱ्याने त्या दिवशी रानात असलं तरी चालतं. जबानीसाठी त्याला पौष-माघात किंवा चैत्रात बोलवावं.

यासाठी संसदेत जायची गरज नाही. दिवाणी कार्यपद्धतीच्या सतराव्या ऑर्डरमध्ये 'पुरेसं कारण' आहेच, आणि पक्षकाराच्या आवाक्याबाहेरची परिस्थिती 346 व्या कलमातही मान्य केलेली आहे. पाऊस कधी पडेल आणि वाफसा कधी येईल, याहून आवाक्याबाहेरचं दुसरं काय असतं? उच्च न्यायालयाने एका परिपत्रकाने जिल्हा कोर्टांना कळवावं की कोरडवाहू शेतकऱ्याच्या अर्जात पेरणी किंवा वेचणी हे कारण असेल तर ते पुरेसं धरावं, त्याला पीकपाहणीचा उतारा जोडला की दुसरा दाखला मागू नये, आणि वर्षातून एकदा दिलेली अशी मुदत ठरलेल्या दोन-तीन तहकुब्यांत मोजू नये. सातबाऱ्यावर पिकाची नोंद असतेच. जामनेरच्या वकिलाला मग अर्जात खरं कारण लिहिता येईल.